ओळ येण्याआधी

सोमवारी सकाळी दहाच्या सुमारास मी वाफेच्या इस्त्रीखाली गायकमंडळाच्या झग्याची बाही पसरत होते आणि बाहेर उभ्या असलेल्या मोटारीतून माझा आवाज आला. माझाच, पण आजचा नव्हे; वयाच्या एकोणिसाव्या वर्षीचा. पहिल्यांदा मला ती आईच वाटली. आईला जाऊन पंधरा वर्षं झाली, तरी मी वर पाहिलं नाही, कारण तो सूर कानावर आला की मान खाली घालायची, एवढंच मला लहानपणापासून ठाऊक. मग तो पुन्हा आला. आणि पुन्हा. तोच चढ, मध्येच अडकलेला तोच श्वास, तोच उतार, आणि खाली ड्रमचा ठेका इतका जड की लॉन्ड्रीच्या दर्शनी काचा थरथरत होत्या, टांगलेले हँगर एकमेकांवर किणकिणत होते. एकाच जागी, एकाच तऱ्हेने कोणी इतक्या वेळा श्वास घेत नाही. आईने तर जन्मात एक आळवण दोनदा सारखी म्हटली नव्हती. तेव्हा माझ्या ध्यानात आलं की ही मी आहे; कोणीतरी मला कापून, टोकाला टोक जोडून, फिरवत ठेवलं आहे. त्या फिरत्या आवाजावर एक तरुण भरभर बोलत होता. काउंटरपाशी त्या मोटारीची मालकीण, पंचविशीतली पोरगी, आमच्या मिस्टर लिऑनशी हुज्जत घालत होती.

"हा डाग ब्लाउज इथे टाकला तेव्हा नव्हता."

"बाई, हा बार्बेक्यूचा डाग आहे. आम्ही इथे कपडे धुतो, मांस भाजत नाही."

मी इस्त्री उचलून ठेवली आणि पुढे गेले. "मुली, तुझ्या गाडीत काय लागलंय?"

"कमी करू का आवाज, मॅम?"

"नको. कोणाचं आहे?"

तिने एक नाव सांगितलं, ते मी ऐकलेलं नव्हतं. "अख्ख्या मेम्फिसमध्ये सध्या हेच चाललंय. तुम्ही रेडिओ नाही ऐकत?"

"स्तोत्रांचा ऐकते."

ती हसली, पण चांगलं हसली. "मग यातली ती मागची बाई तुम्हाला आवडेल. चर्चमधलीच वाटते."

ती गेली. काचा थांबल्या. बाहीवर आडवी घडी बसली होती. मी ती पाण्याने भिजवली आणि पुन्हा पसरली, पण दिवसभर हात कुठे ठेवावा हे हाताला कळत नव्हतं.

आळवण म्हणजे गाणं नव्हे. आमच्या चर्चमध्ये रविवारी पाळक वर येण्याआधी डीकन, म्हणजे मंडळीतला जुना जाणता सेवक, खालच्या मेजापाशी उभा राहतो आणि जुन्या गीताची एक ओळ नुसती वाचल्यासारखी टाकतो, आणि सगळी मंडळी ती झेलते, झेलून ताणत नेते, एकेक शब्द मैलभर. ओळ संपते. डीकन दम घेतो, पुढची आठवतो. आता म्हातारा माणूस, कधी दम लवकर येतो, कधी नाही. ती मधली जागा रिकामी सोडायची नाही. ती जागा पुढच्या बाकावरच्या, पांढऱ्या कपड्यांतल्या बाया धरून ठेवतात. तोंड मिटलेलं, शब्द नाही, नुसता छातीतला सूर, पुढची ओळ येईपर्यंत. त्यात माझी आई पहिली. आठवडाभर लोकांच्या घरची फरशी पुसणारी, चार वाक्यांपलीकडे न बोलणारी बाई, पण तिने ती जागा धरली की लोकांच्या हातांतले पंखे हलायचे थांबत. डीकन पिट्स एकदा म्हणाले होते, "सिस्टर, तुम्ही इतकं छान धरता, मला पुढची ओळ द्यावीशीच वाटत नाही." आई म्हणाली, "द्या, द्या. मला श्वास संपतो." मला हे कोणी शिकवलं नाही. मी तिच्या कुशीला टेकून बसायची, आणि तो सूर तिच्या बरगड्यांतून माझ्या कानात यायचा. ऐकू यायचा असं नाही, लागायचा. घरी भांडी घासताना मी तसाच काढायची आणि ती माझ्याकडे न बघता म्हणायची, "खालून काढ. गळ्यातून नको."

सदुसष्ट साली माझी मैत्रीण इमोजीन मला त्या जुन्या बर्फाच्या कारखान्यात घेऊन गेली. तिथे आता गाण्याच्या तबकड्या करत. भिंतींना अजून भुसा आणि बुचाचे जाड थर होते, आत शिरलं की स्वतःचं बोलणं तोंडातच राहायचं. आम्हा दोघींना एका माइकसमोर उभं केलं. एल्रॉय टेट गाणार होता. हिरव्या पँटीतला, मऊ बोलणारा. पाळकाचाच मुलगा. गाणं साधं होतं, एक माणूस गेलेल्या बाईला परत ये म्हणतो. आम्ही त्याच्या मागे दोन-दोन शब्द म्हणायचे. मध्ये एका जागी सगळी वाद्यं थांबणार, दोन आवर्तनं नुसता ड्रम वाजणार, आणि त्यावर एल्रॉय न गाता चार शब्द बोलणार, असं ठरलेलं. चौथ्या वेळी मी डोळे मिटले होते. ऑर्गन थांबला. तुताऱ्या थांबल्या. ड्रम तेवढा पाय आपटल्यासारखा चालू राहिला, लाकडी फरशीवर मंडळी पाय आपटतात तसा, आणि एल्रॉयने बोलण्याआधी श्वास घेतला तो मला ऐकू आला. डीकनचा श्वास. मी विचार केला नाही. जागा रिकामी पडतेय एवढंच अंगाला कळलं, आणि मी ती धरली. आईचा सूर, खालून, तोंड मिटून. एल्रॉय इतका दचकला की तोंड उघडं ते उघडंच राहिलं. दोन आवर्तनं संपली, तुताऱ्या आल्या, आणि तो पुढचं गायला, पहिल्यापेक्षा किती तरी चांगलं.

गाणं संपल्यावर मी म्हटलं, "माझी चूक झाली. पुन्हा करू या." काचेमागच्या माणसाने नकाराची मान हलवली. "हेच ठेवायचं."

"ते गाण्यातलं नाही हो. ती माझ्या आईची प्रार्थना आहे."

"तुझी आई काय इथे बसलीय ऐकायला?" तो म्हणाला. वाईट माणूस नव्हता. थकला होता. एल्रॉय मात्र माझ्याकडे बघत नव्हता. टोपीच्या कडेवरून बोट फिरवत राहिला. त्याला ठाऊक होतं मी काय कुठे टाकलं ते.

त्या उन्हाळ्यात ती तबकडी उघड्या खिडक्यांतून वाजत होती. आईने ऐकली ती एका शनिवारी, इमोजीनच्या मावशीच्या केस करण्याच्या दुकानात. आईचे केस सरळ करायचा तापलेला कंगवा इमोजीनच्याच हातात होता. रेडिओवर ते गाणं लागलं, ती जागा आली, गेली. इमोजीन सांगते, आईने डोळासुद्धा हलवला नाही. एवढंच म्हणाली, "कानापाशी सांभाळ." दुसऱ्या दिवशी चर्चमध्ये डीकन पिट्सनी पहिली ओळ टाकली, मंडळीने झेलली, ओळ संपली, आणि आईने ती जागा धरली नाही. पांढऱ्या हातमोज्यांतले हात मांडीवर. डीकन थांबले. मंडळी थांबली. शेवटी शेजारच्या बाईने कसाबसा सूर काढला. त्यानंतर आई बारा वर्षं जगली, आम्ही एका घरात राहिलो, एका भांड्यातली भाजी खाल्ली, मी तिच्या पायांना तेल लावलं, आणि या गोष्टीवर ती एक शब्द बोलली नाही, मी विचारला नाही. रागावली असती तर माझं बरं झालं असतं. त्या रविवारी संध्याकाळी पलंगाशी गुडघे टेकून मी देवाला सांगितलं की चर्चमध्ये ही आळवण माझ्या तोंडून पुन्हा निघणार नाही. बुधवारचा दिवस मावळेपर्यंतचा उपास तेव्हापासूनचा, पहाटे पाचची प्रार्थना तेव्हापासूनची. ओळी मी सगळ्यांबरोबर झेलते. पण ओळ संपली की जीभ टाळूला लावून ठेवते. सत्तावीस वर्षं.

आणि आता डीकन पिट्सना अर्धांगाचा झटका आला आहे. पुढच्या बाकावरच्या बाया एकेक करून गेल्या. मी त्या बाकावर बसते, पांढरं घालते, तिघी आहोत, आणि त्या दोघींना ऐकू येत नाही. पंधरा दिवसांपूर्वी पाळक स्टिगर्स माझ्या ओट्यावर बसून ताक पीत म्हणाले, "सिस्टर वर्नेल, मी जबरदस्ती करत नाही. ओळ मी टाकीन. पण मधलं धरणारं कोणी नसेल तर ते निम्मं अंग लुळं पडल्यासारखं वाटतं. तरुण मंडळी घड्याळ बघतात. त्यापेक्षा कीबोर्डवर दोन नवी गीतं घेऊ, तिथून सुरुवात करू. तुम्ही पंधरा दिवसांनंतरच्या बुधवारपर्यंत सांगा."

"मी नाही सांगितलं तर?"

"तर तेच उत्तर समजेन," ते म्हणाले, आणि पेला स्वतः आत नेऊन धुऊन ठेवला. म्हणजे माझा नेम राहिला तर आळवण जाणार, आणि आळवण राहायची तर नेम जाणार. त्या दोन्हींमध्ये मी पंधरा दिवस उठत-बसत होते, आणि देव, जो पहाटे पाचला माझ्याशी एरवी बरा बोलतो, गप्प होता.

मंगळवारी लॉन्ड्रीतून सुटल्यावर मी इमोजीनकडे गेले. मावशीचं दुकान आता तिचं आहे. तिची मुलगी शॉन्ट्रेल एका बाईच्या वेण्या घालत होती. मला दारात बघून इमोजीनने हात जोडले.

"या, संत वर्नेल! आज देवाने लवकर सोडलं वाटतं."

"इमोजीन, ते गाणं—"

"ऐकलंस शेवटी! मला महिना झाला."

"मग सांगितलं का नाहीस?"

"सांगून काय? तू आणखी एक उपास वाढवला असतास. आठवड्याला सातच दिवस असतात, नेल." तिने खुर्ची झटकली आणि मला बसवलं. "आणि मला आधी माझंच दुःख होतं. तीनदा ऐकलं, मी कुठेच नाही! मी त्या दिवशी यायचं तिथे आले, थांबायचं तिथे थांबले, म्हणून मला कोणी घेतलं नाही. शहाण्यासारखं वागल्याचं फळ."

"मम्मा, तसं नाहीये ते," वेणीतून बोटं न काढता शॉन्ट्रेल म्हणाली. "ही पोरं जुन्या तबकड्या घेऊन बसतात आणि जिथे बाकी वाद्यं नाहीत अशी जागा शोधतात. तुताऱ्या असल्या की झालं, त्या काढता येत नाहीत. त्या अख्ख्या गाण्यात तेवढीच मोकळी जागा आहे, आंटी. तिथे सगळे गप्प बसलेत आणि तुम्ही एकट्या आहात."

"गप्प बसायचं मलाही होतं," मी म्हटलं.

"बरं झालं नाही बसलात," खुर्चीतली अनोळखी बाई अर्ध्या वेण्यांसकट म्हणाली, आणि मग, सगळ्या तिच्याकडे बघताहेत म्हणून, "म्हणजे, मला आवडतं ते."

शॉन्ट्रेलने कॅसेट लावली. "काही शब्द आहेत त्यात," ती म्हणाली. "चर्चमधले नाहीत." मी म्हटलं, लाव. शब्द होते. एक-दोनदा मी डोळे मिटले, जसं काही डोळे मिटल्याने कान मिटतात. पण मग मी शब्दांच्या मागे ऐकू लागले. सोमवारी काचेतून ऐकताना मला वाटलं होतं की तो तरुण माझ्यावरून बोलतोय, सतत, जसं टीव्ही चालू असताना लोक बोलतात. तसं नव्हतं. त्याचा भाऊ गेला होता. कसा गेला ते तो सांगत नव्हता, फक्त घरातलं सांगत होता. बिछाना कोणी आवरत नाही. आई अजून त्याचं ताट वाढते. एक ओळ सपाट, भरभर, वाचल्यासारखी टाकायची, आणि थांबायचं. तो थांबायचा! आणि त्या थांबण्यात मी यायची. खालून, तोंड मिटून, त्याला पुढची ओळ सुचेपर्यंत. मग पुढची ओळ. मग मी. एल्रॉयच्या गाण्यात मी ओळ येण्याआधी आले होते, माझ्या सुराला मागे काहीच नव्हतं, तो नुसता लोंबकळत राहिला होता सत्तावीस वर्षं, आणि या पोराने, ज्याचं नाव मला अजून नीट घेता येत नाही, त्या सुराआधी ओळ आणून ठेवली. त्याला कोणी सांगितलं असेल? कोणी सांगितलं नसेल. त्याला दुखत होतं आणि मधली जागा रिकामी सोडवत नव्हती.

कॅसेट थांबली. दुकानात गरम केसांचा आणि पोमेडचा वास होता, रस्त्यावर बस गेली. मी विचारलं, "इमोजीन, त्या शनिवारी आई आणखी काही म्हणाली होती?"

"हे तू मला चौथ्यांदा विचारतेस. 'कानापाशी सांभाळ' म्हणाली. चांगल्या आवाजात म्हणाली. मी सांभाळलं. संपलं."

"रागाने नाही?"

"नेल, तुझी आई रागावली की माणसाला कळायचं. ती ऐकत होती. मी सांगते ना, ऐकत होती, दुसऱ्या कोणाचं तरी ऐकावं तशी."

घरी चालत जाताना मला हेच पुरलं. आईने स्वतःला कधी ऐकलं नव्हतं. तिचा सूर तिच्या छातीत होता, हवेत नव्हता. तो संपतो कुठे, सुरू कुठे होतो, हे तिला ठाऊक नव्हतं, ठाऊक असायचं कारण नव्हतं. आणि एका शनिवारी तो तिला समोरून ऐकू आला, एवढा-एवढासा, दोन आवर्तनांचा, कडा असलेला. हातात धरून दाखवावा असा. त्यानंतर रविवारी ती तोंड मिटून बसली तेव्हा कदाचित तिला माझी शिक्षा करायची नव्हती. कदाचित तिला फक्त तो सापडेना. हे खरंच तसं होतं, की मी माझ्या सोयीचं ठरवतेय, ते मला सांगता येत नाही. ती नाही, आणि जे माहीत नाही ते माहीत नाही. पण मी इतकी वर्षं तिच्या गप्प बसण्याला एकच नाव दिलं होतं, आणि त्या संध्याकाळी, हिरव्या टोमॅटोंची पिशवी घेऊन रेल्वेचे रूळ ओलांडताना, ते नाव मला आठवेना झालं.

बुधवारी पहाटे पाचला मी पलंगाशी गुडघे टेकले. खिडकीत उजाडायचं होतं, पण पक्षी सुरू झाले होते. मी देवाला काय मागावं हे ठरवून बसले नव्हते. गुडघे दुखायला लागले तेव्हा एक गोष्ट इतकी साधी लक्षात आली की मला लाजच वाटली. हा नेम मी त्याला सांगून घेतला होता. विचारून घेतला नव्हता. त्या रविवारी मी भरभर बोलले, आमेन म्हटलं आणि दिवा मालवला. तो काही म्हणतो का म्हणून थांबले नाही. इथेही मी आधीच आले होते. "मग आता तूच सांग," मी म्हटलं, आणि गप्प बसले. साडेपाच झाले. सहा झाले. त्याने काही सांगितलं असं मी म्हणणार नाही; तसं म्हणणाऱ्या बाया मला आवडत नाहीत. पण टाळूला लावलेली जीभ खाली आली होती, आणि ती कधी आली हे मला कळलं नाही.

संध्याकाळी सहाला प्रार्थनासभेला तेरा जणं होती. ऊन अजून बाकांवर होतं. कीबोर्डवर नवी बाई होती, मिस डेनीस, जॅक्सनहून बदली होऊन आलेली शाळामास्तरीण. तिच्यासमोर नव्या गीतांचे कागद. पाळक स्टिगर्स दारात माझ्याकडे आले. मी म्हटलं, "तुम्ही ओळ टाका." त्यांनी माझ्याकडे थोडं जास्त वेळ पाहिलं आणि मेजापाशी गेले. त्यांना डीकनसारखी ओळ टाकता येत नाही, अजून उपदेशाचा झोक येतो. पण टाकली. मंडळीने झेलली, तेराच गळे, वेडेवाकडे, ताणत नेली. ओळ संपली. पाळकांनी श्वास घेतला. पोटात सकाळपासून अन्न नव्हतं, आणि मला भीती वाटली की खाली काही नसेलच. सत्तावीस वर्षं न उघडलेल्या विहिरीत काय असतं? मी तोंड मिटलं आणि खालून काढला.

तो एकोणिसाव्या वर्षीचा नव्हता. खरखरीत होता, चढावर फाटला, आणि जिथे तबकडीत माझा श्वास अडकतो तिथे तो अडकला नाही, दुसरीकडेच अडकला. तो आईचाही नव्हता. शेजारच्या बहिऱ्या सिस्टर पर्लीन यांना काही ऐकू आलं नसणार, पण बाक हादरला असेल, कारण त्यांनी माझ्या मांडीवर हात ठेवला आणि त्याही धरू लागल्या, भलत्याच पट्टीत. मागे इमोजीन होती, एरवी बुधवारी कधी न येणारी. ती या वेळीही बरोब्बर यायचं तिथे आली. पाळक थांबून राहिले. मी डोळे उघडून हाताने खूण केली, द्या, द्या, माझा श्वास संपतो. तेव्हा त्यांनी दुसरी ओळ टाकली. आम्ही सहा ओळी केल्या. एकदाही दोन सारख्या झाल्या नाहीत.

नंतर लोक पायऱ्यांवर रेंगाळत होते. मिस डेनीस कागद छातीशी धरून माझ्याजवळ आली. सगळा वेळ तिने कीबोर्डवरून हात काढून मांडीवर ठेवले होते.

"मॅम, मी सूर शोधत होते, पण तो दोन पट्ट्यांच्या मधे कुठेतरी आहे. मला वाजवता येईना."

"येणार नाही," मी म्हटलं. "त्यात तुझा दोष नाही."

"आणि हे, म्हणजे, मी हे गाडीत ऐकलंय. माझ्या वर्गातली मुलं रोज लावतात." ती थोडी लाजली. "त्या गाण्यातली बाई कोण आहे, हे कोणालाच माहीत नाही. तबकडीवरही नाव नाही. हे मुळात कोणाचं?"

इमोजीनने माझ्याकडे पाहिलं. तिच्या ओठांवर माझं नाव आलेलं मला दिसलं, आणि मी तिच्या मनगटाला हात लावला.

"माझ्या आईचं," मी म्हटलं.

"काय नाव त्यांचं?"

ती गेल्यापासून ते नाव मी कोणापुढे मोठ्याने घेतलं नव्हतं. घरात ती आई होती, चर्चमध्ये सिस्टर, आणि जिथे फरशी पुसायची तिथे नुसती 'ए'. मिस डेनीसने कागद उलटा केला, पर्समधून पेन्सिल काढली.

"ओझेला," मी म्हटलं. "ओझेला रूथ टॉलिव्हर." आणि तिचं लिहून होईपर्यंत थांबले.